गुणफरक अधिक ६३, निकाल ३–९: नेब्रास्काचा २०२१ चा हंगाम कसा वाचायचा

प्रश्न थोडक्यात असा आहे. मूळच्या साताऱ्याच्या आणि सध्या लिंकनला नेब्रास्का विद्यापीठात स्टॅटिस्टिक्स शिकणाऱ्या एका विद्यार्थिनीने वर्गातल्या प्रकल्पासाठी आपल्याच विद्यापीठाच्या फुटबॉल संघाचा २०२१ चा हंगाम घेतला आहे. बारा सामन्यांत संघाने ३३५ गुण केले, २७२ दिले. म्हणजे एकूण हिशेबात ६३ गुणांनी पुढे. तरी जिंकले तीन आणि हरले नऊ. प्राध्यापक म्हणतात, निव्वळ योगायोग. घरमालक म्हणतात, प्रशिक्षकाची नालायकी. खरं कोणाचं? पुढचं उत्तर तिलाच उद्देशून.

मी घरमालकांच्या बाजूने झुकतो, पण ते देत असतील त्या कारणासाठी नाही. अमेरिकेतल्या कॉलेज संघांच्या व्हिडिओ आणि विश्लेषण विभागात मी बरीच वर्षं काम केलं आहे (नेब्रास्कात कधीच नाही), आणि हरलेल्या हंगामाची चिरफाड हा त्या नोकरीचा मोठा भाग असतो. जिंकलेल्या हंगामाची चिरफाड करायला कोणी बसवत नाही, हा त्या धंद्याचा जुना दोष.

फुटबॉल म्हटलं की ज्यांना कोल्हापूरचं शाहू स्टेडियम आणि तालमींची चुरस आठवते त्यांच्यासाठी दोन ओळी: हा अमेरिकन फुटबॉल. चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचं, सरकलात तर पुन्हा चार प्रयत्न. चेंडू टोकाच्या पट्ट्यात नेला की टचडाउन, ६ गुण, आणि त्यावर लाथेने मारायचा एक जादा गुण. खांबांमधून लांबून मारला तर फील्ड गोल, ३ गुण. स्वतःच्याच टोकाच्या पट्ट्यात अडकलात तर समोरच्याला २ गुण, त्याला सेफ्टी म्हणतात. चौथ्या प्रयत्नात आशा नसेल तर पंट मारून चेंडू लांब पाठवून द्यायचा आणि बचावाला उभं राहायचं.

आता तो ६३ चा आकडा आधी फोडा. तिन्ही विजय एकतर्फी होते: फोर्डमवर ५२–७, बफेलोवर २८–३, नॉर्थवेस्टर्नवर ५६–७. तिन्हींची आघाडी मिळून ११९. नऊ पराभवांची पिछाडी मिळून ५६. वजाबाकी केली की ६३. म्हणजे तुमच्या प्रकल्पाच्या मथळ्यातलं सगळं ‘अधिक’ तीन शनिवारांनी पुरवलेलं आहे, आणि ते तीन प्रतिस्पर्धी बघा. फोर्डम खालच्या श्रेणीतला संघ. बफेलोने त्या वर्षी १२ पैकी ४ सामने जिंकले, नॉर्थवेस्टर्नने ३. दुबळ्या संघाला पन्नास गुणांनी हरवलं तरी विजय एकच मोजला जातो, गुणफरक मात्र पुढचे दोन महिने फुगलेला राहतो.

गुणांवरून अपेक्षित विजय काढायचं नेहमीचं सूत्र तुम्ही लावलंच असेल, दोन्ही बाजूंच्या गुणांचा २.३७ वा घात घेऊन. ३३५ आणि २७२ घातले की साधारण साडेसात विजय येतात. प्रत्यक्षात तीन. साडेचार विजयांची ही तूट बघून प्राध्यापक योगायोग म्हणत असणार. तेच सूत्र फक्त नऊ पराभवांवर लावलं (१९९ गुण केले, २५५ दिले) तर तीनहून थोडे जास्त विजय अपेक्षित दिसतात. नुसते पराभवच निवडून त्यांवर सूत्र चालवणं संख्याशास्त्राच्या दृष्टीने गैर आहे, हे तुम्हाला मी सांगायला नको. पण तूट किती खरी आणि किती फुगीर याचा अंदाज त्यातून येतो.

नऊ पराभव असे: इलिनॉय ३०–२२, ओक्लाहोमा २३–१६, मिशिगन स्टेट २३–२० (ओव्हरटाइममध्ये), मिशिगन ३२–२९, मिनेसोटा ३०–२३, पर्ड्यू २८–२३, ओहायो स्टेट २६–१७, विस्कॉन्सिन ३५–२८, आयोवा २८–२१. एकही पराभव नऊपेक्षा जास्त गुणांचा नाही. आणि इलिनॉय सोडला तर बाकीच्या आठही संघांनी त्या हंगामात किमान नऊ सामने जिंकले. मिशिगन तर बिग टेन या नेब्रास्काच्याच परिषदेचा (संघांच्या गटाचा) विजेता होऊन राष्ट्रीय प्लेऑफला गेला. त्यामुळे या सामन्यांना नाणेफेक समजू नका. प्रत्येकात नेब्रास्काची संधी ३५ टक्के धरा. नऊच्या नऊ हरण्याची शक्यता मग दोन टक्क्यांच्या आसपास येते, पन्नासात एक. वरच्या श्रेणीत तेव्हा १३० संघ होते. असा दुर्दैवी हंगाम अधूनमधून कोणाच्या तरी वाट्याला यायचाच. इथपर्यंत प्राध्यापकांशी माझं भांडण नाही.

भांडण सुरू होतं ते एका हंगामाच्या बाहेर पाऊल टाकल्यावर. प्रशिक्षक स्कॉट फ्रॉस्ट डिसेंबर २०१७ मध्ये नेमले गेले आणि सप्टेंबर २०२२ मध्ये काढले गेले. त्या काळात एका ‘स्कोअर’च्या, म्हणजे आठ किंवा कमी गुणांच्या फरकाने संपलेल्या सामन्यांत त्यांचा हिशेब होता ५ विजय, २२ पराभव. नाणं २७ वेळा उडवून पाच किंवा कमी छापे पडण्याची शक्यता तेराशेत एक. संघ थोडा कमकुवत आहे असं मानून निम्म्याऐवजी ४० टक्के धरलं, तरी शंभरात दीड. पन्नासात एक ही घटना मी दुर्दैवाच्या खाती टाकीन. पण तीच घटना दरवर्षी त्याच घरी येत असेल तर कुठलं तरी दार उघडं राहिलंय असं समजून घर तपासायला लागेन.

ते दार कुठलं, याबद्दल माझं मत ठाम आहे: स्पेशल टीम्स. लाथेने मारायचे सगळे डाव यात येतात. किकऑफ (खेळ सुरू करायची लाथ), पंट, फील्ड गोल, जादा गुण. एका सामन्यात आक्रमणाचे सत्तरेक डाव, बचावाचे सत्तरेक आणि हे पंचवीस-तीस. क्रिकेटमध्ये क्षेत्ररक्षणाचं जे होतं तेच यांचं: धावा आणि बळी दुसऱ्याच्या नावावर लागतात, सुटलेला झेल फक्त पाहणाऱ्याच्या लक्षात राहतो.

नऊ पराभवांच्या फिती या नजरेने लावा. पहिलाच सामना, २८ ऑगस्ट, इलिनॉय. स्वतःच्या गोलरेषेच्या तोंडाशी पडलेला पंट नेब्रास्काच्या खेळाडूने झेलला, मागे ढकलला गेला, आणि सुटका म्हणून चेंडू पुढे फेकायला गेला. सेफ्टी, इलिनॉयला दोन गुण. मुळात पाठीशी गोलरेषा असताना तो पंट हातच न लावता सोडून द्यायचा असतो. हे शाळकरी पोरालाही शिकवलेलं असतं. त्याच सामन्यात दोन जादा गुण हुकले. हरले आठने.

तीन आठवड्यांनी ओक्लाहोमा. १९७१ च्या त्या गाजलेल्या नेब्रास्का–ओक्लाहोमा सामन्याला पन्नास वर्षं झाली म्हणून मुद्दाम लावलेली भेट, आणि ओक्लाहोमा देशात तिसऱ्या क्रमांकावर. नेब्रास्काने तिसऱ्या भागात टचडाउन करून १४–९ केलं. जादा गुणाची किक ओक्लाहोमाने अडवली आणि चेंडू उचलून थेट दुसऱ्या टोकाला नेला. नियमाने त्याचे दोन गुण ओक्लाहोमाला. जिथे १४–१० व्हायचं तिथे १६–९ झालं. हरले सातने.

पुढचा शनिवार मिशिगन स्टेट, आणि हा सामना तुमच्या प्रकल्पात मध्यभागी यायला हवा. दुसऱ्या अर्ध्यात नेब्रास्काच्या बचावफळीने मिशिगन स्टेटला एकही फर्स्ट डाउन (दहा यार्ड सरकून मिळणारे नवे चार प्रयत्न) करू दिला नव्हता. २०–१३ आघाडी, चारेक मिनिटं शिल्लक. पंट. जेडन रीडने तो ६२ यार्ड धावत परत आणून टचडाउन केलं. बरोबरी, मग ओव्हरटाइम, मग पराभव.

त्या पंटमध्ये काय घडलं ते बारकाईने सांगतो, कारण एवढी नीट उदाहरणं क्वचित मिळतात. पंट कुठल्या बाजूला जाणार हे आधी ठरतं. चेंडू हवेत चार सेकंद, फार तर साडेचार. तेवढ्यात बाकीचे दहाजण चाळीस-पंचेचाळीस यार्ड पळतात, आणि प्रत्येकाची पट्टी ठरलेल्या दिशेनुसार आखलेली असते. बाहेरचा माणूस कडा धरतो, आतले सरळ चेंडूवर जातात, एक मागे राहतो. ठरलं होतं उजवीकडे आणि चेंडू गेला डावीकडे. दहाच्या दहा माणसं आपापलं काम चोख करत होती, चुकीच्या जागी. रीडसमोर मैदानाची सबंध डावी बाजू मोकळी होती. अशा वेळी पंटरला शिव्या घालून मोकळं होणं सोपं असतं. मी विचारतो ते असं: चेंडू भलतीकडे गेला तर पहिल्या दोन सेकंदांत ओरडून दिशा बदलायची जबाबदारी कोणाची होती, आणि तो प्रसंग सरावात किती वेळा घेतला होता? ज्या संघांत हे खातं नीट चालतं तिथे चुकलेल्या पंटचाही सराव होतो.

विस्कॉन्सिनने सामन्याचा पहिलाच किकऑफ थेट टचडाउनपर्यंत नेला. हरले सातने. शेवटी आयोवा. नेब्रास्का २१–६ ने पुढे होता. आयोवाने पंट अडवून त्यावर टचडाउन केलं, एक सेफ्टी मिळवली, सलग २२ गुण केले आणि २८–२१ ने जिंकून गेला.

सगळंच लाथेचं होतं असं मी म्हणत नाही. मिशिगनविरुद्ध २९–२९ अशी बरोबरी असताना क्वार्टरबॅक (आक्रमण चालवणारा, पास फेकणारा खेळाडू) एड्रियन मार्टिनेझच्या हातून धक्काबुक्कीत चेंडू निसटला आणि मिशिगनने दीड मिनिट उरलं असताना फील्ड गोल मारला. पर्ड्यूविरुद्ध त्याने चार पास प्रतिस्पर्ध्यांच्या हातात दिले. मात्र तो मिशिगन स्टेटच्या सामन्यापासून मोडलेल्या जबड्यानिशी खेळत होता हेही नोंदवा. मिनेसोटाविरुद्ध गोलरेषेच्या अगदी तोंडाशी चौथा प्रयत्न फसला. चेंडू गमावणं या प्रकारात योगायोगाचा वाटा खरोखरच मोठा असतो. फंबल, म्हणजे हातून निसटलेला चेंडू, कोणाच्या हाती पडेल हे अंडाकृती चेंडूच ठरवतो, आणि वर्षागणिक हा आकडा सरासरीकडे येतो. लाथेचे डाव तसे नाहीत. तिथे जे बिघडलेलं असतं ते कोणी हात घालेपर्यंत बिघडलेलंच राहतं.

का बिघडतं? याचं उत्तर वेळेत आणि माणसांत आहे. नियमाने खेळाडूंकडून आठवड्याला २० तासच काम घेता येतं. त्यात व्यायाम आला, फिती पाहणं आलं, मैदानावरचा सराव आला. रोजच्या सरावात स्पेशल टीम्सच्या वाट्याला पंधरा-वीस मिनिटं येतात, आणि ती कुठल्या क्षणी येतात यावर खूप काही ठरतं. सरावाच्या शेवटी टाकली तर सगळे पाय ओढत असतात. दुसरं म्हणजे, मैदानावर शिकवणारे सहायक प्रशिक्षक तेव्हा दहाच ठेवता येत. त्यांतली एक जागा पूर्णपणे स्पेशल टीम्सला द्यायची की आणखी एक आक्रमणाचा माणूस ठेवायचा, हा मुख्य प्रशिक्षकाचा निर्णय. २०२१ मध्ये नेब्रास्कात ही जबाबदारी बचावफळीतल्या एका प्रशिक्षकाकडे जोडकाम म्हणून होती. जोडकाम कसं होतं हे कुठल्याही कचेरीत बसलेल्या माणसाला ठाऊक आहे.

तिसरी गोष्ट मनाची, आणि तिच्याबद्दल मी जपून बोलतो, कारण हरणाऱ्या संघाच्या ‘मानसिकते’वर वाट्टेल ते बोलून पोट भरणारे पुष्कळ आहेत. कॉनर कल्प हा किकर २०२० मध्ये १५ पैकी १३ फील्ड गोल मारून परिषदेतला सर्वोत्तम किकर ठरला होता. तोच २०२१ च्या पहिल्या दिवशी दोन जादा गुण हुकवतो आणि उत्तरार्धात त्याची जागा दुसऱ्याला द्यावी लागते. पाय तोच होता. पण किकिंग एकट्याचं काम नाही. चेंडू मागे फेकणारा, तो जमिनीवर टेकवून धरणारा आणि मारणारा या तिघांनी मिळून सव्वा सेकंदात करायचं ते काम आहे. किकर हुकायला लागला की मी आधी बाकीच्या दोघांची फीत संथ करून बघायचो. निम्म्या वेळा दोष तिथेच सापडे. बाहेरचा माणूस नेहमी पायाकडे बघतो.

आता व्यवस्थापनाने काय केलं ते बघा. ओहायो स्टेटशी हरल्यावर दोन दिवसांनी, ८ नोव्हेंबरला, क्रीडा संचालक ट्रेव्ह अल्बर्ट्स यांनी जाहीर केलं की फ्रॉस्ट राहतील. मानधन वर्षाला ५० लाख डॉलरवरून ४० लाखांवर. करार मध्येच तोडल्यास द्यायची दीड कोटी डॉलरची रक्कम १ ऑक्टोबर २०२२ पासून ७५ लाखांवर येणार. त्याच दिवशी चार सहायक काढले गेले. चौघेही आक्रमणाचे: समन्वयक, क्वार्टरबॅकचा, रनिंग बॅकचा आणि पुढच्या फळीचा.

माझ्या हिशेबात ही शस्त्रक्रिया चुकीच्या अवयवावर झाली. सामन्याला सरासरी २८ गुण करणारं आक्रमण निर्दोष नव्हतं, पण सामने तिथे जात नव्हते. आणि त्या चौघांशिवाय उरलेल्या दोन सामन्यांत संघाने अनुक्रमे २८ आणि २१ गुण केले, दोन्ही हरले, आणि दोन्हींत लाथेच्या डावांनी घात केला. डिसेंबरात बिल बुश यांना पूर्णवेळ स्पेशल टीम्स प्रशिक्षक नेमलं, ते बरोबर होतं. पण ती एक दुरुस्ती होती. बाकी सगळ्या बेताचा पाया हा होता की एवढ्या थोडक्यात हरलोय, पुढच्या वर्षी फासे फिरतील.

फ्रॉस्टवर एवढा विश्वास का टाकला गेला, हे कळायला लिंकन गाव समजून घ्यावं लागतं. तुम्ही तिथे राहता, त्यामुळे शनिवारी गाडी लावायला जागा मिळत नाही हे अनुभवलंच असेल. मेमोरियल स्टेडियमची तिकिटं नोव्हेंबर १९६२ पासून प्रत्येक सामन्याला संपतात. १९७०, १९७१, १९९४, १९९५ आणि १९९७ अशी पाच राष्ट्रीय विजेतेपदं, आणि १९९७ च्या संघाचा क्वार्टरबॅक खुद्द फ्रॉस्ट. नेब्रास्काचाच मुलगा. शिवाय २०१७ मध्ये सेंट्रल फ्लोरिडाला १३–० करून आलेला. अशा माणसाला काढणं म्हणजे घरच्या पोराला बाहेर काढणं. गुणफरकाच्या आकड्याने या मायेला आधार दिला. आकडा कोणाला हवा असतो त्यावर त्याचा अर्थ ठरतो, हे विश्लेषण विभागात बसून मी अनेकदा पाहिलं.

पुढचं तुम्हाला माहीत असेल. २७ ऑगस्ट २०२२, डब्लिन, नॉर्थवेस्टर्न. तिसऱ्या भागात २८–१७ अशी आघाडी, संघ जोशात, आणि फ्रॉस्टनी ऑनसाइड किक मागवली. म्हणजे किकऑफ मुद्दाम आखूड मारून चेंडू आपणच परत मिळवायचा जुगार. तो नॉर्थवेस्टर्नला मिळाला. सामना ३१–२८ ने गेला. त्याच नॉर्थवेस्टर्नला त्या संपूर्ण हंगामात दुसरा विजय मिळाला नाही, १–११ वर संपले. १० सप्टेंबरला लिंकनमध्येच जॉर्जिया सदर्नने ४५–४२ ने हरवलं. दुसऱ्या दिवशी फ्रॉस्टना काढलं. तीन आठवडे थांबले असते तर विद्यापीठाचे ७५ लाख डॉलर वाचले असते. तेवढीही वाट कोणाला बघवली नाही.

फासे फिरण्यावर भरवसा ठेवणं चूक होतं असं मी म्हणतो त्याला दुसऱ्या बाजूचा पुरावाही हवा, म्हणून नोत्र दाम विद्यापीठाच्या संघाचा २०१६ चा हंगाम शेजारी ठेवा. ४–८. आठपैकी सात पराभव आठ किंवा कमी गुणांचे. नॉर्थ कॅरोलिना स्टेटशी वादळी पावसात १०–३ ने हरले, आणि त्या सामन्यातलं एकमेव टचडाउन अडवलेल्या पंटवरचं होतं. चित्र जवळजवळ तेच. मुख्य प्रशिक्षक ब्रायन केली तिथेही टिकले. पण बचावाचा समन्वयक त्यांनी चार सामन्यांनंतरच काढला होता. हंगाम संपल्यावर दोन्ही बाजूंचे समन्वयक नवे आणले, स्पेशल टीम्सचा माणूस बदलला, शारीरिक तयारी करून घेणारा प्रमुख बदलला, आणि डाव ठरवण्याचं काम स्वतःच्या हातून काढून नव्या आक्रमण समन्वयकाला दिलं. २०१७ मध्ये १०–३. २०१८ मध्ये नियमित हंगामात एकही पराभव नाही.

यात नशीब फिरलं नाही असं नाही. फिरलंच. पण नशीब सरासरीवर आलं तेव्हा ती सरासरी वर सरकलेली होती. नेब्रास्काने सरासरी जागच्या जागी ठेवून नशिबाची वाट पाहिली. प्राध्यापकांना हे असं सांगून बघा: निकाल सरासरीकडे परतणार हे मान्य, पण कुणाच्या सरासरीकडे? संघाच्या स्वतःच्या, देशभराच्या नव्हे.

घरमालकांनाही एक गोष्ट सांगा. प्रशिक्षक बदलला म्हणून रोग जात नाही. २०२३ मध्ये नवे प्रशिक्षक मॅट रूल यांचा संघ ५–३ वर होता. डिसेंबरातल्या बोल सामन्यासाठी (नियमित हंगामानंतरचा जादा सामना) सहावा विजय हवा, चार सामने हाती. मिशिगन स्टेटशी २०–१७, मेरीलँडशी १३–१०, विस्कॉन्सिनशी ओव्हरटाइममध्ये २४–१७, आयोवाशी १३–१०. चारही गेले. यात संघाच्या हाडीमाशी भिनलेली सवय किती आणि त्या वर्षीचं हतबल आक्रमण किती, हे वेगळं काढता आलं तर तुमचा प्रकल्प वर्गाबाहेरही वाचला जाईल. माझा कल दुसऱ्याकडे आहे: दहा आणि सतरा गुण करणाऱ्या संघाने थोडक्यात हरण्यात आश्चर्य नाही. २०२४ मध्ये ७–६ झालं, आणि पिनस्ट्राइप बोलमध्ये बॉस्टन कॉलेजला २०–१५ ने हरवून २०१५ च्या हंगामानंतरचा पहिला बोल विजय मिळाला.

बोल चुकण्याची किंमत लोक कमी लेखतात. बोलला गेलेल्या संघाला डिसेंबरात पंधरापर्यंत जादा सराव मिळतात. त्यांत राखीव पोरं तयार होतात, आणि पंट-किकऑफवर धावणारी बरीचशी हीच राखीव पोरं असतात. नेब्रास्का २०१६ नंतर २०२४ पर्यंत बोलला गेला नाही. सात हंगाम. म्हणजे ज्या खात्यात तो हरत होता त्याच खात्याचा सराव दरवर्षी प्रतिस्पर्ध्यांपेक्षा कमी पडत गेला. हा धागा मला अजून कोणी नीट मोजलेला दिसला नाही.

गुणवत्ता नव्हती असंही कोणी म्हणू नये. २०२१ च्या त्या ३–९ संघातले दोघे पुढच्या एप्रिलमध्ये एनएफएल या व्यावसायिक लीगच्या खेळाडू निवडीत दुसऱ्या फेरीत निवडले गेले: सेंटर कॅम जर्गन्स फिलाडेल्फियाकडे आणि कॉर्नरबॅक कॅम टेलर-ब्रिट सिनसिनाटीकडे. इलिनॉयविरुद्ध तो पंट झेलणारा हाच टेलर-ब्रिट. चांगल्या खेळाडूकडूनही असं घडतं.

प्रकल्पासाठी माझी सूचना: हंगामाचा एकूण गुणफरक मथळ्यातून काढा. डावनिहाय नोंदी सार्वजनिक मिळतात. नऊ पराभवांतला प्रत्येक स्पेशल टीम्सचा डाव वेगळा करा, त्याआधी आणि नंतर विजयाची शक्यता किती होती ते काढा, आणि वजाबाकीची बेरीज करा. तशीच बेरीज फंबल आणि इंटरसेप्शनची (प्रतिस्पर्ध्याने पकडलेल्या पासची) स्वतंत्र करा. मग २०१८ ते २०२० च्या थोडक्यातल्या पराभवांवर तेच चालवा. पहिली बेरीज दरवर्षी एकाच दिशेला झुकलेली निघाली तर माझं म्हणणं टिकलं. दिशा दरवर्षी बदलत असेल तर प्राध्यापकांचं. जिंकलेले थोडक्यातले पाच सामनेही त्यात घ्यायला विसरू नका, नाहीतर पहिल्याच परीक्षकाने तुम्हाला पकडलंच. आणि सुरुवात आयोवाच्या चौथ्या भागापासून करा. तिथे अडवलेला पंट, सेफ्टी आणि किक एकाच पंधरा मिनिटांत सापडतील, त्यामुळे तुमची नोंदवही बरोबर चालते का हे लगेच कळेल.